वकिलातीचं पाणी

चैत्र निम्मा सरला, यात्रा तोंडावर आली, तरी भिमाजीकडे कुणाचाच निरोप आला नाही, तेव्हा मात्र तो दिवसातून दहादा दाराबाहेर येऊन वाट बघायला लागला.

एरवी यात्रेच्या आधी त्याला दम खायला सवड मिळत नसे. वरच्या आळीचा धर्माजी सांगायचा, "त्याला म्हणावं, पालखीच्या वाटंत ट्रॅक्टर लावू नको." खालच्या आळीचा गोरख सांगायचा, "त्याला म्हणावं, वाट काय तुझ्या एकट्याची हाय?" दोघे चुलतभाऊ, बांधाला बांध, विहीर सामाईक. पण बोलणं बंद, एकमेकांच्या दारात पाय ठेवणं बंद. म्हणून जे काही बोलायचं ते भिमाजीच्या तोंडून. सकाळी हा वर जायचा, दुपारी खाली. सगळं गाव एका आडनावाचं आणि भिमाजीचंच घर काय ते वेगळं, त्यामुळे तो ना याचा ना त्याचा. गाव त्याच्या घराला 'वकिलात' म्हणायचं. त्यात निम्मी चेष्टा होती, पण निम्मं खरंही होतं.

कारण भिमाजीची उभी हयात दिल्लीत वकिलातीतच गेली होती. स्वित्झर्लंडच्या वकिलातीत तो ड्रायव्हर होता. साहेब लोक गाडीत बसले की ड्रायव्हरला कान नसतात असं समजून बोलायचे. त्यातला एक मात्र हौसेने हिंदी शिकलेला होता आणि गाडी गर्दीत अडकली की तो भिमाजीशी गप्पा मारायचा. त्याच्याकडून भिमाजीला कळलं की जगातही भावकी असते आणि भावकीसारखीच वागते. अमेरिका आणि इराण यांचं बोलणं बंद, पण एकमेकांना सुनावल्याशिवाय दोघांनाही राहवत नाही. मग याचा निरोप त्याला हे स्विस लोक पोचवतात. एकाहत्तरच्या लढाईनंतर भारत आणि पाकिस्तान एकमेकांचं तोंड पाहत नव्हते, तेव्हाही दोन्हीकडची कामं यांनीच बघितली. कसं जमतं हे, म्हणून भिमाजीने विचारलं होतं. साहेब म्हणाला, सोयरीक कुणाशी नाही, व्यवहार सगळ्यांशी. कुणाच्या भांडणात काठी उचलायची नाही. आणि निरोप म्हणजे सीलबंद पिशवी. ज्याने दिली त्याची आणि ज्याला द्यायची त्याची, मधल्याने ती उघडायची नाही.

भिमाजीने यातल्या पहिल्या गोष्टी अगदी मनावर घेतल्या. शेवटची मात्र त्याच्याच्याने पाळवली नाही, आणि सगळा घोळ तिथेच आहे.

पण तो पुढचा भाग. पाळायचं ते तो कसं पाळायचा ते आधी सांगायला हवं. धर्माजीकडे चहा झाला की त्याच दिवशी गोरखकडेही झालाच पाहिजे, मग पित्त खवळलं तरी बेहत्तर. लेकीचं, आरतीचं लग्न ठरवताना गावातलं आणि शेजारच्या गावांतलं एकही स्थळ त्याने बघितलं नाही. कारण जिथे जावं तिथे यातल्या एकाचे तरी पाहुणे निघायचे. शेवटी लेक नगर जिल्ह्यात दिली. लग्नात दोघांचे टोपी-टॉवेल एकाच वेळी दोन माणसांकडून दोन टोकांना दिले, म्हणजे पहिला मान कुणाचा हा प्रश्नच नको. त्याची बायको साळुबाई तेव्हा वैतागून म्हणाली होती, "लगीन लेकीचं हाय का तुमच्या वकिलातीचं?"

या सगळ्या उठाठेवीत भिमाजीचा काहीच फायदा नव्हता असं म्हणणं मात्र लबाडीचं होईल. भांडण झालं तेव्हा विहिरीच्या मोटारीचा प्रश्न आला. स्टार्टरच्या पेटीची किल्ली धर्माजीकडे ठेवायला गोरख तयार नाही, गोरखकडे ठेवायला धर्माजी तयार नाही. शेवटी ती भिमाजीच्या घरात, भिंतीतल्या देवळीत आली. ज्याची पाळी असेल त्याने घेऊन जायची, पाळी संपली की आणून ठेवायची. किल्ली सांभाळतो म्हणून आठवड्यातून एक बारी पाणी भिमाजीच्या वावराला. वावर कसलं, पाटाच्या शेवटाला असलेला तुकडा. त्यात यंदा कांदा होता, लागवड उशिराची. कांदा नुकता पोसायला लागला होता आणि विहिरीवर भिमाजीचा कागदोपत्री हक्क काडीचाही नव्हता. भांडण होतं म्हणून किल्ली होती आणि किल्ली होती म्हणून पाणी होतं.

भांडण झालं होतं बैलगाड्याच्या शर्यतीवरून. धर्माजीचा पाखऱ्या आणि गोरखचा तुफान, दोघांची जुगलबंदी साऱ्या आंबेगाव-जुन्नरात गाजलेली. दोन घरचे दोन बैल एका जुवाखाली, आणि शर्यतीच्या घाटात गाडा सुटला की लोक टोप्या उडवायचे. एका यात्रेत तुफान अर्ध्या घाटातच ढेपाळला आणि गाडा धाव सोडून बाहेर गेला. धर्माजी भर लोकांत म्हणाला, "बैलाला पोटभर पाणी पाजून आणला ह्यानं. समोरच्या गाडेवाल्याशी हात मिळवलाय." गोरखने जू तिथेच टाकलं, बैल सोडला आणि चालत घरी आला. कुणी पाणी पाजलं, पाजलं की नाही, हे आजवर कुणाला कळलेलं नाही. संशयाला पुरावा लागत नाही, त्याला नुसती जागा लागते.

तर आता निरोप बंद झाले. एवढंच असतं तर भिमाजी म्हणाला असता, उन्हाचं लोक सुस्तावलेत. पण आणखीही काहीबाही दिसत होतं. पारावर चार लोक बोलत असले आणि हा गेला की बोलणं तुटायचं. धर्माजी एरवी मान हलवून पुढे जाणारा माणूस, तो वाटेत थांबून म्हणाला, "काय भिमाभाऊ, बरं हाय ना? कांदा चांगला आलाय." कांद्याचं नाव काढलं म्हणून भिमाजीला ते बोचलं. गोरख तर त्याहून गोड. "तात्या, तुमी आमच्यासाठी लई केलं," असं म्हणाला. लई केलं! म्हणजे आता करायचं काही राहिलं नाही की काय?

"माणूस मेल्यावर असं बोलत्यात," भिमाजी घरी येऊन म्हणाला.

साळुबाई भाकरी थापत होती. "कायतरी शिजतंय," ती म्हणाली. "अवो, दोन मांजरं भांडायची थांबली की माकडानं आपलं लोणी बघावं."

"मी माकड?"

"मी म्हणत न्हाई. गाव काय म्हणंल ते सांगतीया."

त्याला मागची एक गोष्ट आठवली. युक्रेनची लढाई पेटली त्या वर्षी त्याने मोबाईलवर बातमी बघितली होती. रशियातली युक्रेनची कामं स्वित्झर्लंडने बघायची असं चाललं होतं, तर रशियाने साफ सांगितलं, तुम्ही आता तटस्थ राहिला नाहीत. त्या दिवशी भिमाजी जेवला नव्हता. तुमचं काय जातंय त्यात, असं साळुबाईने विचारलं, तेव्हा तो म्हणाला होता, "अगं, आमी मधले हाय असं आपण म्हणून भागत न्हाई. त्या दोघांनी म्हणावं लागतं. त्यातल्या एकानं न्हाई म्हटलं की खलास." आता त्याला वाटायला लागलं, इथे दोघांनीही नाही म्हटलं तर?

बैलांच्या सामानाला सारा मुलूख जुन्नरला दस्तगीरभाईच्या दुकानात जातो. काय शिजतंय ते कळेल तर तिथेच, असं मनाशी धरून भिमाजीने घोडेगावहून जुन्नरची एसटी पकडली. दुकानात घुंगुरमाळा लटकत होत्या, दस्तगीरभाई बैलाच्या तोंडावर बांधायच्या एका म्होरकीला गोंडे शिवत बसला होता. भिमाजीने इकडच्या तिकडच्या चार गोष्टी केल्या आणि सहज विचारल्यासारखं विचारलं, "आमच्या गावचं कुणी आलं व्हतं का यंदा?"

दस्तगीरभाईने सुई थांबवली. "तुमाला म्हाईत न्हाई?"

"काय?"

"झुली शिवायला टाकल्यात. हिरव्या मखमलीच्या, जोडी. एकीवर पाखऱ्या लिव्हायचं, एकीवर तुफान."

एका कापडाच्या दोन झुली याचा अर्थ समजायला वकिलातीत नोकरी केलेली लागत नाही.

"तुमी मिटवलं?" भिमाजीने विचारलं. त्याच्या आवाजात आनंद असायला हवा होता, पण तो नव्हता, आणि त्याची त्यालाच लाज वाटली.

"मी कशाला मिटवतोय? बाजारच्या दिवशी दोघं एकाच टायमाला दुकानात आले. एकमेकाला बघून माघारी वळले असते तर गिऱ्हाईक गेलं असतं ना राव, म्हणून मी चहा सांगितला. चहा येईस्तोवर कुणी बोललं न्हाई. मग गोरख म्हणाला, थोरली गेली त्या दिवशी तू मला बोलवलंस, ते मी इसरलो न्हाई. धर्माजीनं नुसती मान हलवली आन् म्हणाला, तूबी सोताहून आलास. बास. मग लागले की बोलायला." दस्तगीरभाईने दोरा दातांनी तोडला. "तुमचं नाव निघालं व्हतं. तुमी आणलेले निरोप आठवून आठवून हसत व्हते. मग हसायचे थांबले."

"का थांबले?"

"ते मला काय म्हाईत? मी गोंडे शिवतोय."

परतीच्या एसटीत भिमाजीला खिडकीची जागा मिळाली, पण बाहेरचं काही दिसलं नाही. त्याला धडकी भरली होती, आणि ती कशाची ते या पृथ्वीवर फक्त त्याला एकट्याला ठाऊक होतं.

पिशवी त्याने उघडली होती. एकदा नव्हे, दर खेपेला. गोरख म्हणायचा, "त्याला म्हणावं, तुझा बैल घाटात दिसला तर तंगडं मोडीन." भिमाजी वर जाऊन सांगायचा, "गोरख म्हणतोय, यंदा घाटात गर्दी लई हाय, बैल जपा." धर्माजी सांगायचा, "त्या चोराला सांग, बांध कोरू नको." भिमाजी खाली येऊन सांगायचा, "बांधाचं सवडीनं बघू म्हणालाय." जसंच्या तसं सांगितलं असतं तर एखाद्याचं डोकं फुटलं असतं. दिल्लीत अमेरिका लांब होती आणि इराणही लांब होता. इथे दोघांच्या हातात कुऱ्हाडी होत्या आणि मधे फक्त एक बांध होता.

हे सगळं एक वेळ निभावलं असतं. पण थोरलीचा दिवस निभावणार नव्हता. थोरली म्हणजे कोंडाबाई, धर्माजीची आई. गोरखची आई तो रांगता असताना गेली, तेव्हा हिनेच त्याला वाढवलं. ती गेली त्या सकाळी धर्माजीने भिमाजीला बोलावून सांगितलं, "भावकी हाय, सुतक हाय, कळवायला पायजे म्हणून कळव. पण माझ्या दारात पाय ठेवू नको म्हण." भिमाजी खाली गेला. गोरख ओट्यावर बसला होता. "थोरली गेली," हे भिमाजीकडून ऐकून तो एवढंच म्हणाला, "बरं," आणि भिंतीकडे तोंड केलं. त्याची पाठ हलत होती. त्या पाठीकडे बघून भिमाजीच्या तोंडून निघून गेलं, "धर्माजीनं बोलवलंय तुला." गोरख ताडकन उठला, पायात चप्पल नाही, काही नाही. मग भिमाजी आडवाटेने धावत पुढे गेला आणि धर्माजीला म्हणाला, "गोरख सोताहून यायचं म्हणतोय. खांदा द्यायचाय म्हणतोय." धर्माजीने त्याच्याकडे बघितलं, आणि मग तिरडीच्या पुढच्या एका बाजूचा माणूस हाताने बाजूला केला.

तेव्हापासून गोरखला वाटत होतं की पहिलं पाऊल धर्माजीने टाकलं, आणि धर्माजीला वाटत होतं की गोरखने. दोघेही मनातून विरघळले ते यावर. आता ते रोज भेटणार, रोज बोलणार, आणि एक दिवस ती गोष्ट मुळापासून निघणार. मग गोरखला कळेल की सख्ख्या आईसारखी थोरली गेली, तर याने दारात येऊ नको म्हणून सांगितलं होतं. तेव्हा दोन झुली दोन घरी जातील, आणि कुऱ्हाडीही बाहेर येतील.

यात्रेच्या आदल्या दिवशी बोलावणं आलं. खंडोबाच्या देवळात ये म्हणून. बोलवायला धर्माजी आणि गोरख दोघे मिळून दारात आले होते. इतक्या दिवसांत पहिल्यांदा ते दोघं एका चौकटीत दिसले आणि भिमाजीला घराचं दार लहान झाल्यासारखं वाटलं.

देवळात निम्मं गाव जमलं होतं. देवापुढे ताटलीत बेलाची पानं आणि भंडारा ठेवलेला होता. ताटली बघून भिमाजीच्या तोंडचं पाणी पळालं. आमच्याकडे कोर्टात गीतेवर हात ठेवून माणूस खुशाल खोटं बोलेल, पण बेल-भंडार उचलून खोटं बोलणारा पुढचं वर्ष बघत नाही, असं लोक मानतात. भिमाजीही मानत होता.

धर्माजीने सुरुवात केली. "भिमाभाऊ, आमी दोघांनी निरोप जुळवून बघितले. मी जे सांगितलं ते ह्याला पोचलं न्हाई, ह्यानं सांगितलं ते मला पोचलं न्हाई. खरं का खोटं?"

"खरं," भिमाजी म्हणाला. "शिव्या तेवढ्या गाळल्या."

"शिव्या गाळल्या का गोडीचं गाळलं?" मागून कुणीतरी म्हणालं. "निरोप बदलायचा ते बदलायचा, आन् भांडाण मिटलं न्हाई ते न्हाईच. किल्ली कुणाच्या देवळीत व्हती? पाणी कुणाच्या कांद्याला जात व्हतं?"

लोक कुजबुजले. "दोन मांजरं आन् माकड," कुणी म्हणालं, आणि हसलं. साळुबाई बायकांत उभी होती. तिने पदर तोंडाला लावला, तिचा शब्द असा भर देवळात खरा ठरला होता.

भिमाजीला सांगता आलं असतं. गाळलेली एकेक शिवी परत जोडून दाखवता आली असती, मग गाळलं काय ते सगळ्यांना कळलं असतं. पण एक धागा ओढला की पुढचा आलाच असता.

तो धागा गोरखनेच ओढला. तो पुढे आला. "तात्या, बाकीचं जाऊ द्या. एकच सांगा. थोरलीच्या दिवशी तुमी मला म्हणाला, धर्माजीनं बोलवलंय. ते तरी खरं व्हतं का तेबी तुमचंच? भंडारा उचला आन् सांगा."

धर्माजीची मान वर आली. आपण काय सांगितलं होतं ते धर्माजीला पुरतं आठवत होतं. त्याचा चेहरा पांढरा पडला आणि तो भिमाजीकडे असा बघायला लागला, की आता हा तोंड उघडेल आणि सगळं संपेल.

भिमाजीने ताटलीत हात घातला. मूठ भरताना भंडारा फरशीवर सांडला. "धर्माजीनं बोलवलं व्हतं," तो म्हणाला. "खंडोबाची आण."

धर्माजीने देवाकडे बघितलं, मग स्वतःच्या पायांकडे. आणि कदाचित स्वतःच्या मनाचा भार हलका करायला म्हणून, त्याने विचारलं, "आन् गोरख सोताहून यायचं म्हणाला, ते?"

आता गोरखने मान खाली घातली. तो काय म्हणाला होता ते त्यालाही आठवत होतं. तो 'बरं' म्हणाला होता आणि भिंतीकडे वळला होता.

"तेबी खरं," भिमाजी म्हणाला. "जसंच्या तसं."

म्हणजे आता त्या देवळात तीन माणसांना ठाऊक होतं की भिमाजीने भंडारा उचलून खोटं सांगितलं. त्यातल्या दोघांना आपापलं अर्धंच ठाऊक होतं, आणि ते अर्धं दुसऱ्याला कळू नये म्हणून दोघेही गप्प होते. गावाला वाटलं, चला, तेवढं एक तरी खरं निघालं.

बाकीचा निकाल मात्र गावाने लावला. निरोप बदलणाऱ्या माणसाकडे किल्ली नको. आता दोघांचं बोलणं सुरू झालं, मधल्याची गरजच काय? धर्माजीने हात पुढे केला. निघताना देवळीतून काढून कमरेला खोचलेली किल्ली भिमाजीने त्याच्या हातावर ठेवली. "आमचा इश्वास न्हाई राहिला तुमच्यावर," धर्माजी मोठ्याने म्हणाला, पण हे म्हणताना त्याला भिमाजीच्या डोळ्यांत बघवलं नाही.

घरी आल्यावर साळुबाईने तांब्याभर पाणी ओतून त्याचे हात धुतले. पिवळा रंग रेषांमधून निघेना. तिने काही विचारलं नव्हतं, पण तिला कळलं होतं. इतकी वर्षं संसार केलेल्या बाईला नवऱ्याची खोटी आण कळते.

"देव बघून घेईल मला," भिमाजी म्हणाला.

"देवाला सगळं कळतंय. त्याच्याकडं निरोप न्यायला कुणी लागत न्हाई," ती म्हणाली आणि रडायला लागली. "पर कांदा गेला आपला."

यात्रा झाली. भिमाजी घाटाकडे फिरकला नाही. वावरात बसून त्याने भोंग्यावरचा पुकारा ऐकला. धर्माजी आणि गोरख ही दोन नावं एका दमात, आणि मग उठलेला गलका. पाखऱ्या आणि तुफान एका जुवाखाली पळाले होते. त्याला आनंद झाला, खरोखर झाला, आणि त्या आनंदात त्याच्यासोबत बसायला कुणी नव्हतं याचं वाईटही वाटलं. समोर कांद्याची पात मान टाकायला लागली होती.

पुढच्या आठवड्यात तो भल्या सकाळी वावरात गेला आणि जागच्या जागी थबकला. वाफ्यात पाणी खेळत होतं. पाटाचं दार कुणीतरी कुदळीने फोडलं होतं. पहिला विचार त्याच्या मनात आला तो हाच, की डाव आहे. पाणीचोर ठरवायचं, पुन्हा देवळात उभं करायचं! त्याने दोन्ही हातांनी चिखल ओढून दार बुजवायला घेतलं.

"राहू द्या," मक्याच्या आडून आवाज आला. धर्माजी होता, डोक्याला टॉवेल गुंडाळलेला, स्वतःच्याच रानात चोरासारखा. "माझी पाळी हाय. माझ्यातलं देतोय." मग जवळ येऊन खालच्या आवाजात म्हणाला, "मी काय सांगितलं व्हतं त्याला, ते तुमी पोटात ठेवलंत. भंडारा उचललात. गोरखला कदी कळू देऊ नका. आन् ह्ये पाणीबी कळू देऊ नका, न्हाईतर तो ईचारंल, का देतोस म्हणून."

भिमाजीने मान हलवली.

चार दिवसांनी वाफ्यात पुन्हा पाणी. या वेळी पाटावर गोरख बसला होता, विडी विझवून मुठीत धरलेली. "तात्या, माझी पाळी हाय," तो म्हणाला. "मी येतो म्हणालो नव्हतो त्या दिवशी. तुमी माझ्या तोंडात घातलंत, म्हणून माझा खांदा लागला तिला. धर्माजीला कळू देऊ नका. पाण्याचंबी."

असे दोन-तीन आठवडे गेले. दर आठवड्याला दोघांचं पाणी, एकाचं दुसऱ्याला ठाऊक नसलेलं. कांदा आधी तरारला, मग पात वाजवीपेक्षा हिरवीगार झाली, आणि जमीन वाळेचना. कांदा पोसून झाला की पाणी तोडावं लागतं, हे शेंबडं पोरही सांगेल. साळुबाईने एक गड्डा उपटून दाबला तर बोट आत गेलं.

"अवो, सडायला लागला की," ती म्हणाली. "एकाला तरी नको म्हणा."

"कुणाला म्हणू?"

"कुणालाबी. धर्माजीला म्हणा."

"तो ईचारंल, माझं तर आठवड्याला एकच पाणी, मग एवढी वल कुठनं आली? कोण देतंय?" भिमाजी म्हणाला. "गोरख देतोय म्हटलं की तो गोरखला जाऊन ईचारंल, तू का देतोस? आन् गोरख काय सांगंल?"

साळुबाईने हातातला कांदा बांधावर ठेवला.

वरच्या अंगाला मोटार सुरू झाल्याचा आवाज आला. आज कुणाची पाळी होती ते भिमाजीने आठवायचा प्रयत्न केला नाही. पाटातून पाणी वाफ्याकडे आलं, काडीकचरा पुढे ढकलत. दाराशी कुदळ पडली होती, दोन हात चिखल टाकला असता तर बुजलं असतं. भिमाजी बांधावर उभा राहिला आणि त्याने पाणी येऊ दिलं.